झऱ्यातले चपटे किडे

तू खराटा फिरवत होतीस, आई. पदर कमरेला खोचलेला, पाय झऱ्याच्या कुंडीत, आणि पाणी पांढुरकं झालेलं. मी पायवाटेवरून ओरडले तशी तू मान वर केलीस. "दगड नाय हलवले," म्हणालीस. "तू सांगलंस म्हनून. जिथल्या तिथं हायेत." विहिरीत टाकतात ती ब्लीचिंग पावडर तू कुंडीभर शिंपली होतीस. माझे सर दुपारी यायचे होते.

त्या झऱ्यात चपटे किडे राहत. बोटाच्या नखाएवढे, मातकट, बाणासारखं डोकं, त्यावर तिरळे वाटणारे दोन डोळे. थंड, स्वच्छ, वाहत्या पाण्यातच जगणारे. सरांच्या कुठल्याही पुस्तकातल्या चित्राशी ते जुळत नव्हते. मी स्पिरिटमध्ये घालून कॉलेजात नेलेला किडा आक्रसून टिंबाएवढा झाला होता, त्यावरून काही ठरवता येईना. सर म्हणाले, जिवंत दाखव. नवी जात निघाली तर त्याच विषयावर तुला पीएच.डी.ला घेतो. आपल्या घरात दहावीच्या पुढे कोणी गेलं नव्हतं. हे सगळं मी तुला चुलीपाशी बसून समजावलं होतं, आणि तू मान हलवली होतीस. रविवारच्या मटणातला कलेजीचा तुकडा दोऱ्याला बांधून मी झऱ्यात सोडायची, त्याला ते येऊन चिकटत. "आमाला रस्सा नि किड्यांना कलेजी," तू म्हणायचीस, पण तुकडा काढून ठेवायचीस. मधोमध कापला तरी दोन्ही तुकडे जगतात, डोक्याला शेपूट फुटतं, शेपटाला डोकं, हे मी तुला ताटलीत दाखवलं. तू बराच वेळ बघत राहिलीस. "हा बरा," म्हणालीस. "अर्धा सासरी धाडायचा, अर्धा माहेरी ठेवायचा." तेव्हा आपण दोघी हसलो होतो.

सर रिक्षातून उतरतात. बूट काढून, पँट दुमडून कुंडीत शिरतात आणि एकेक दगड उलटा करून बघतात. दगडांखाली काही नाही, शेवाळसुद्धा नाही. तू तांब्या घेऊन काठावर उभी आहेस. "सर, तळ दिसते की नाय?" सर म्हणतात, एवढं नितळ पाणी मुंबईत बघायला मिळत नाही. तुझा चेहरा उजळतो. त्यांना पावडरचा वास आला असणार. त्यांनी माझ्याकडे पाहिलं नाही. जाताना म्हणाले, पुढच्या वर्षी बघू. पुढच्या वर्षी मी लग्न होऊन नायगावला होते.

त्या संध्याकाळी मी एवढंच विचारलं, का? तू भाकरी थापत होतीस. "पाहुन्याला किडे दाखवायचे? उद्या लोक बोलतील, यांच्या पान्यात किडे. मग तुला मागनी कोन घालील?" आणि मरेपर्यंत तू आल्यागेल्याला सांगत राहिलीस, की मुंबईच्या सरांनी आपल्या पाण्याचं कौतुक केलं. मी समोर बसलेली असतानाही.

पहिल्या माहेरपणाला आले तेव्हा मी पुन्हा कलेजी सोडून पाहिली. संध्याकाळी तुकडा पांढरा पडून तसाच वर आला. नंतर मनवेलपाड्याकडून इमारती चढत आल्या, बोअर मारल्या गेल्या आणि झरा आटला. इमारतींनी झरा मारला, असं आता सगळे म्हणतात. खरं आहे. पण तोवर त्यात मारण्यासारखं काही उरलं नव्हतं. तुला हे सगळं कळत होतं की नाही, हे मी अजून ठरवू शकलेले नाही. ठरवलं तरी दोन्हीकडून सारखंच लागतं.

हे पत्र कुठे टाकायचं नाही. तुला वाचताही येत नव्हतं. फक्त एक कबूल करते. सर येऊन गेले त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तू त्याच पाण्याचा चहा केलास. "वास येते का गं?" तू विचारलंस. मी नाही म्हटलं, आणि कप रिकामा केला.