पिवळ्या शर्टातला पोरगा

मंगळवार, संध्याकाळ

स्नेहलला बाजार सापडला. माहितीपटासाठी मिरजगावच्या जुन्या आठवडे बाजाराची दृश्यं मी कधीपासून शोधतोय, आणि ही पुण्याहून येते काय, घेऊन बसते काय!

तेही त्याच शूटिंगवाल्या काकांकडून. मला ते म्हणाले होते, "बाजाराचं कोन शूटिंग करतंय? न्हाई काई." हिनं बाजार मागितलाच नाही, लग्नाच्या कॅसेटी मागितल्या. नवरदेवाचा परण्या, लग्नाआधीची मिरवणूक, मारुतीला जातो तो बाजारातूनच. मला का नाही सुचलं? गाव माझं की तिचं?

आज ऑफिसात सगळ्यांना दाखवलं. घोड्यावर नवरदेव, मागं बांगड्यांची पालं, कोथिंबिरीचे ढीग, आणि सारखा कॅमेऱ्यापुढं येऊन नाचणारा पिवळ्या शर्टातला पोरगा. दिग्दर्शक म्हणाले, "स्नेहल, सिनेमा या पोरापासूनच सुरू करू." माझ्या कुठल्या कामावर बोलले होते असं? टाळ्या मात्र मीच सगळ्यांत जोरात वाजवल्या. कशाला?

पिवळा शर्ट डोळ्यांपुढून हलत नाही.

निघताना तिनं विचारलं, "तो पोरगा आता कुठं असेल हो, दादा?"

म्हटलं, "काय माहीत."

ताईच्या लग्नासाठी आईनं शिवून घेतलेला शर्ट. त्या लग्नाची कॅसेट आजही आमच्या कपाटात पडून आहे. सांगणार नाही तिला, अजिबात नाही. हेही तिच्याच नावावर जाईल.

अख्खा बाजार मागं भरलाय, आणि मी त्याच्याकडं पाठ करून नाचतोय.