दसऱ्याला थांबलेलं चाक

बाबा, तुम्हाला जाऊन चाळीस वर्षं झाली. मेलेल्या माणसावर राग धरू नये म्हणतात. मी धरते. तुमच्या फोटोला हार घालायची वेळ आली की सुनेला पुढं करते आणि आपण भाजी निवडत बसते.

घाटंजीच्या त्या कापसाच्या जिनिंगात तुम्ही मिस्त्री होता. विहिरीच्या पंपाला हातानं फिरवायचं लोखंडी चाक जोडलंत, आणि त्यात तुम्हाला तो उलटा जोर सापडला. तुमचं चाक आज फिरवलं की पाणी मागच्या कुठल्या तरी दिवशी येऊन गेलेलं असायचं. सकाळी पंप आपोआप धडधडायचा, हौद भरायचा, आणि संध्याकाळी तुम्ही घाम गाळून ते फिरवणं पुरं करायचे. कामावरच्या बाया खिदळायच्या, "मिस्त्रीचं सारंच उलटं! आधी ढेकर, मंग जेवण." आईही त्यांच्यातच बसून हसायची.

नवं राज्य झालं त्याच्या पुढच्या साली, पोळा होऊन आठवडा उलटला होता. पावसानं उघडीप दिली होती. भर दुपारी गोदामातल्या उरलेल्या कापसानं पेट घेतला. आत सात बाया बारदान शिवत होत्या. चाकाला कोणाचा हात नव्हता, तरी पंप सुरू झाला. तुम्ही पाइप दारावर धरला. धार यायची, जराशी अडखळायची, मग पुढची यायची. मी भीतीनं त्या मोजत उभी. ओल्या दारातून एकेक करून सहा जणी बाहेर पडल्या. मग आई दिसली, आत, चार पावलांवर. एकतिसावी धार संपली आणि पंप गप्प झाला. तुम्ही त्याला लाथ मारली, शिवी घातली. दहा श्वास गेले असतील. तेवढ्यात छत खाली आलं. त्यानंतर पाणी पुन्हा आलं, चांगलं भरपूर आलं. कोणाच्या कामाचं होतं ते!

दुसऱ्या दिवसापासून तुम्ही मला चाकाला जुंपलं. "आलेलं पाणी फिरवाच लागते, पोरी. नाही फिरवलं तं त्या सहा जणी बी वाचत नाहीत." एका दिवसाचं फिरवणं म्हणजे त्या दुपारची एक धार, ओळीनं, हे तुम्हीच सांगितलंत. सकाळी तुम्ही फिरवायचे, शाळेतून आल्यावर मी. तळहात सोलून निघाले. रात्री भाकर मोडता यायची नाही.

आणि दसरा आला. तुम्ही चाक धुतलंत, हळदकुंकू वाहिलंत, झेंडूची माळ घातलीत. मी हँडलकडं गेले तर खेकसलात, "येडी झाली काय? दसऱ्याले हत्याराले हात लावते काय कोणी?"

"पण बाबा, मंग आजची धार?"

"एक दिवसानं काय आभाय कोसयते? त्याले बी आराम पाह्यजे." असं म्हणून तुम्ही टोपी चढवून सोनं वाटायला निघून गेलात.

दुसऱ्या दिवशी सकाळी हँडलला हात लावला आणि तसेच थांबलात. बोटांची पेरं मोजलीत. मीही मोजली. दसरा बत्तिसावा दिवस होता. तुम्ही माझ्याकडं पाहिलंही नाही, फिरवायला लागलात. पुढं आयुष्यभर जो विचारेल त्याला सांगत राहिलात, "पंपात हवा धरली होती." हवा! माझी आई तुमच्या झेंडूच्या माळेनं मारली, बाबा. मरतानाही तुमच्या तोंडून ते निघालं नाही. मी उशाशी बसून वाट पाहत होते, आणि तुम्ही पाणी मागितलंत.

हे पत्र मी कोणाला दाखवणार नाही. पाठवायला पत्ता नाही आणि असता तरी पाठवलं नसतं, कारण पाठवायचं तर एक गोष्ट लिहावी लागली असती. त्या दसऱ्याला तुम्ही गेल्यावर दिवे लागेपर्यंत मी त्या चाकापाशी एकटीच होते. अडवायला कोणी नव्हतं. मी शेजारून आलेली पुरणपोळी खाल्ली, तिथंच जिनिंगच्या अंगणात पाय पसरून बसले, आणि आज फिरवायचं नाही म्हणून मला इतकं बरं वाटलं, इतकं बरं वाटलं, की मी गाणं म्हणत होते.