दीडशेच्या आतली सत्तरी

२ जानेवारी, मुक्काम सागर
चहाआधी घरात एकेकाची तब्येत विचारली. गिरिजा, गुडघा कसा आहे? म्हणाली, आहे तिथेच आहे. सूनबाई, सर्दी? उतरली. सहना? नात ठणठणीत, अकरावीचं गणित सोडून. मुलगा केशव प्रश्नाआधीच आंघोळीला पळाला. माझी कुणी विचारली नाही. लिहून ठेवतो : डोकं उत्तम. सत्तावीस तारखेला सत्तर पूर्ण, शांत करायची आहे. संकल्प : एक रुपया वाया जाणार नाही.

४ जानेवारी
यादी झाली, आम्ही धरून दोनशे दहा माणसं. हॉल दोन. देवळाचा : भाडं नऊ हजार, जेवणाचं पान दीडशे रुपये. स्टँडजवळचा नवा : भाडं अठरा हजार, पान नव्वद. केशव म्हणाला, अप्पा, नवा घ्या आणि विषय संपवा. असा कसा संपवू? सहनाच्या पुस्तकात नेमकं हेच आहे, असमानता म्हणतात. सुपारीच्या अडतीवर एकतीस वर्षं काटा धरलाय. कुठलं पारडं जड, हे मला कळणार नाही?

५ जानेवारी, दुपारी
सुटलं! पानं म्हणजे एक्स. नव्वद एक्स अधिक अठरा हजार, हे दीडशे एक्स अधिक नऊ हजारपेक्षा कमी हवं. इकडचं तिकडे नेलं. उणे साठ एक्स, उणे नऊ हजारपेक्षा कमी. दोन्हीकडे उणे साठने भागलं. एक्स दीडशेपेक्षा कमी. म्हणजे दीडशेच्या आत माणसं असली तरच नवा हॉल स्वस्त. तिथल्या खुर्च्यांना गाद्या आहेत. तेव्हा माणसं कमी करायची. दुहेरी बचत.
सहनाला वही दाखवायला गेलो. अज्जा, परीक्षा आहे, म्हणत तिने दार लावलं. हरकत नाही. हॉल बुक केला.

८ जानेवारी
कापाकापी सुरू. गिरिजाच्या माहेरचे नऊ गेले. ती म्हणाली, अहो, ही शांत आहे की रेशनचं दुकान? चहा बिनसाखरेचा आला. विसरली असेल.

११ जानेवारी
एकशे साठवर अडलो. उरला सुब्राय. अडतीवर तो पोती चढवायचा, मी वजन वाचायचो. घरात माणसं अकरा. आमच्याकडे बोलावणं घराला असतं, माणसाला नाही. तरी फोन केला : सुब्राया, तू एकटाच ये.  तो म्हणाला, श्रीपादा, आणि बायकोला काय सांगू? तिला काय पोत्यासारखी थप्पीला लावून येऊ? मी त्याला असमानता समजावू लागलो. फोन बंद झाला. रेंज नसणार.

१२ जानेवारी
झाले दीडशे. पण दीडशे म्हणजे दीडशेपेक्षा कमी नव्हे. एक पान जास्तच. त्या दिवशी मी उपास धरीन.

२७ जानेवारी, संध्याकाळी
शांत पार पडली. पानं एकशे एकोणपन्नास. उपास करावा लागला नाही, कारण सुब्राय आला नाही. गणित चोख बसलं. शेजारच्या पानावर केशवचा साहेब होता, पायस दुसऱ्यांदा नको म्हणाला. सुब्राय चौथ्यांदासुद्धा नको म्हणाला नसता. खुर्च्या मऊ होत्या.

२८ जानेवारी
सहनाची परीक्षा संपली. तिने वही पाहिली. अगो बाई, अज्जा, उणे संख्येने भागलं की चिन्ह उलटतं! एक्स दीडशेपेक्षा जास्त हवा होता!
मी म्हणालो, पुस्तकात छपाईची चूक असेल. तिने हिशेबच मांडला. दोनशे दहा आले असते तर नवा हॉल छत्तीसशे रुपयांनी स्वस्त पडला असता. एकशे एकोणपन्नासला साठ रुपयांनी महाग पडला.
गिरिजा भाजी निवडत होती. म्हणाली, एकसष्ट माणसं तोडली आणि वर साठ रुपये भरले. माणशी रुपयासुद्धा पडला नाही हो, स्वस्तात झालं.

२९ जानेवारी
सुब्राय फोन घेत नाही. रेंज आहे, केशवने पाहिलं. पोस्टकार्ड टाकलं. नक्कल :
सुब्राया, तुझा खोकला कसा आहे? वहिनींची कंबर? थोरल्याचं पित्त? धाकटीचा दात आला का? काटा उलटा वाचला रे मी. रविवारी आमच्याच ओसरीवर पानं मांडतो. किती जण येता ते कळव. नको, आकडा लिहूच नकोस. येतो, एवढंच लिही. पण लवकर लिही.