जू न ठेवलेला बैल

दारव्हा, ४ डिसेंबर १९६२

प्रिय नीळकंठ,

‘प्रिय’ लिहिलं आणि टाक अडखळला. मग म्हटलं, असू दे. ते काही खोटं नाही.

परवा कोर्टात तू पूनमसिंग नायकाची उलटतपासणी घेतलीस, तेव्हा मी मागच्या बाकावर बसलो होतो. तू पाहिलंस आणि मान वळवलीस. आवाज अजून तसाच आहे तुझा. सातवीत शार्दूलविक्रीडित म्हणताना तू बाराव्या अक्षरावर असा थांबायचास की खिडकीबाहेरच्या चिंचेवरचे पोपटही गप्प झाले असं मला वाटायचं. परवा तसाच थांबलास. आधी नायकाला पाणी देववलंस, ‘नायकबा’ म्हणालास, आणि मग अगदी मऊ आवाजात विचारलंस, या बैलाच्या मानेवर जू कधी ठेवलं होतं? थांबायला मी तुला यासाठी शिकवलं नव्हतं.

कर्ज बुडवावं असं त्या माणसाच्या मनात नाही. विहिरीसाठी घेतलं, खाली काळा खडक लागला, हप्ते थकले. तुझ्या बँकेचा माणूस बेलिफाला घेऊन नायकाच्या बंजारा तांड्यावर आला आणि कोठ्यातला सगळ्यात देखणा बैल सोडून घेऊन गेला. शेतीच्या कामाचा बैल जप्त करता येत नाही, या एका कायद्यावर नायकाच्या वकिलानं हरकत घेतली होती. नायकानं तुला नुसतं ‘वखराला जुंपतो’ एवढं सांगायचं होतं. तसं पढवलंही होतं. आणि तो पिंजऱ्यात ताठ उभा राहून म्हणाला, “देवाच्या बैलावर जू कोन ठेवते साहेब? मले नरकात जायाचं हाय काय?” कारकून हसले. हरकत फेटाळली गेली.

बाहेर त्याचा वकील त्याच्यावर खेकसला. वकिलीत पाच-पन्नास खोटी बोलणारा माणूस, एक खरं ऐकून केवढा पिसाळला होता. नायक शांतपणे म्हणाला, “बैल गेला तं रडीन. पन खोटं बोलून आनला तं त्याले चारा कोन्या तोंडानं घालू?”

माझा राग बँकेवर नाही रे. तिला तोंड कुठं आहे शिव्या द्यायला? राग तुझ्यावर आहे. दुसऱ्या कुठल्या वकिलाला तो प्रश्न सुचलाच नसता. देवाच्या बैलाला तांडा कामाला लावत नाही, पहिली भाकर त्याची, तो मेला तर घरोघर सुतक, हे तुला ठाऊक होतं. नायक काय उत्तर देणार तेही ठाऊक होतं. ज्या घरात माया मिळाली त्या घराची कडी कुठून निघते, ते तू बँकेला दाखवलंस. तेलघाणीवाला कोंडवाड्यात जाऊन, घाण्याला चालेल का म्हणून, बैलाच्या मानेवर हात फिरवून आला म्हणतात. लिलाव पुढच्या बाजारी आहे.

काल तांड्यानं नवा अर्ज टाकला. बैल नायकाचा नाहीच. साऱ्या तांड्यानं देवाला वाहिलेला आहे, नायक नुसता सांभाळतो. मग त्याच्या कर्जात तो कसा विकता? सुनावणी बाजाराच्या आदल्या दिवशी आहे. तांड्यातल्या माणसांची साक्ष घरची म्हणून तू उडवशील. माझ्या डोळ्यांत मोतीबिंदू, बारीक खुणा दिसत नाहीत. बैल ओळखा म्हणशील, मला ओळखता येणार नाही. पण हाच बैल गोऱ्हा असताना देवाला वाहिला त्या दिवशी माझ्यासोबत तूही तांड्यावर होतास. नायकाच्या बायकोनं, सुखीबाईनं, तुझा हात धरून त्याच्या कपाळाला हळद लाववली होती आणि तू लापशी दोनदा मागून घेतली होतीस. म्हणून तुझं नाव मी साक्षीदारांत घातलंय. समन्स येईल. साक्षीदाराला त्याच खटल्यात वकील राहता येत नाही, हे मी तुला सांगायला नको. शिपायाच्या हातून कळण्याआधी माझ्याकडून कळावं, म्हणून हे लिहिलं. शपथ घेशील आणि तुला विचारतील, बैल कोणाचा?

त्या दिवशीही मागच्या बाकावर असणारा,
तुझाच
यज्ञेश्वर मास्तर