दुपारनंतर रुजू

मेहकर, सोम. ४ सप्टें. ६७
नागपूरहून हायकोर्टाची नोटीस आली. कॉलेज आणि विद्यापीठ, दोघांवर. अर्जदार आपलेच मराठीचे प्रा. शेळके. विभागप्रमुखाची जागा देविदासला दिली ती नियमाला धरून नाही, असं म्हणणं. देविदास म्हणजे हिचा मावसभाऊ, अमडापूरचा. दोघंही ६१ च्या जूनमध्ये एकाच दिवशी रुजू झाले. विद्यापीठाचा नियम असा की तारीख एक असेल तर सकाळी रुजू झालेला ज्येष्ठ, दोघंही सकाळचे असतील तर वयाने मोठा. शेळके चार वर्षांनी मोठे. पण त्यांच्या सेवापुस्तकात 'दुपारनंतर' आहे. अक्षर माझं.
प्रिन्सिपल म्हणाले, "हेडक्लार्क, रेकॉर्ड पक्कं आहे ना?" पक्कं आहे म्हणालो.

बुध. ६ सप्टें.
कामात लक्ष नाही. दोन पत्रांवर जावक नंबर चुकले. इथे तरी खरं लिहून टाकतो.
६१ च्या त्या रुजू व्हायच्या दिवशी बाजार होता. शेळके डोणगावहून भावाच्या बैलगाडीतून आले, वांग्या-मिरच्यांच्या पोत्यांवर बसून. दहाच्या आत दारात हजर. पायजमा चिखलाने भरलेला. मला वाटलं, कोण्या पोराचा बाप आला ॲडमिशनसाठी. मान वर न करता म्हणालो, "बाहेर बसा, बोलावतो." बसले बिचारे. साडेअकराला देविदास आला, कडक इस्त्रीत. त्याला चहा पाजला, कागद घेतला, स्वतः आत नेऊन साहेबांची सही आणली. शेळक्यांची आठवण झाली दोन वाजता. कागद हातात घेतला तेव्हा कळलं, नवे लेक्चरर. एम. ए., पहिला वर्ग.
लाज वाटली. पण 'सकाळी' लिहिलं असतं तर चार तास बाहेर का बसवलं ते साहेबांना सांगावं लागलं असतं. घड्याळात दोन वाजलेत ना, मग दुपारनंतर. एवढ्याशाने कोणाचं काय बिघडणार, असं वाटलं. पाहणारा एक शिपाई होता, तो गेल्या वर्षी वारला.

शनि. ९ सप्टें.
वकिलाकडून शपथपत्र टाइप होऊन आलं. इंग्रजीत, माझ्या नावाने. नोंद प्रत्यक्ष वेळेप्रमाणे केली असं त्यात आहे. शुक्रवारी तहसीलदारांसमोर शपथेवर सही करायची.
संध्याकाळी देविदास घरी. "भाऊजी, घाबरता कायले? कागद दोन वाजता घेतला न? मंग खोटं काय हाय त्याच्यात?"
खोटं काही नाही, तेच तर. एकेक शब्द खरा आहे आणि सगळं मिळून धडधडीत खोटं.
ही वाढता वाढता म्हणाली, "काऊन जेवून नाई राह्यले?" पित्त झालंय म्हणालो. हिच्याशी पण खोटं.

सोम. ११ सप्टें.
शेळके ऑफिसात आले. सेवापुस्तकाची नक्कल हवी होती. रागावले नाहीत. रागावते तर बरं झालं असतं. नक्कल करताना तो शब्द पुन्हा माझ्याच हाताने लिहिला. शिक्का उलटा पडला, दुसरा कागद घ्यावा लागला.
खरं सांगितलं तर चौकशी होईल. निवृत्तीला तीन वर्षं. हिच्या माहेरी तोंड दाखवायची सोय राहणार नाही. हे सगळं दहादा मांडून झालं. दर वेळी उत्तर माझ्याच सोयीचं निघतं. भेकड आहे मी, दुसरं काय.

बुध. १३ सप्टें.
प्रिन्सिपलांकडे गेलो होतो. "साहेब, त्या नोंदीबद्दल जरा..." त्यांनी मान वर केली. "काय?" म्हणालो, नक्कल दिली म्हणून सांगायचं होतं.

गुरु. १४ सप्टें.
दुपारच्या सुटीत शेळके परत आले. दार लोटून घेतलं. आता म्हणतील, तुम्हीच मला बाहेर बसवून ठेवलं होतं, असं धरून चाललो.
म्हणाले, "हेडक्लार्कसाहेब, एक इचारू? सहा वर्सं झाले. भाऊ म्हनते सकाळीच सोडलं तुले. मलेबी तसंच आठवते, बाहेर लय येळ बसल्याचंबी. पन तो कागद पाह्यल्यापासून मलेच वाटून राह्यलं, का मी बाजारातच रेंगाळलो असन. मानूस आपल्या सोयीचं आठवते. तुमचं तसं नाई. तुमी पाहून लिहिलं. तुमी म्हना दुपारी आला, मी केस मांगं घेतो. कोनावर नाहक आळ नको."
मी कागद खालीवर करत राहिलो. मग म्हणालो, आठवून पाहतो, उद्या सांगतो.
"हाव. काई घाई नाई," म्हणाले आणि जाताना नमस्कार केला.
माझ्यामुळे त्यांची जागा गेली, ते एक झालं. आता त्यांचा स्वतःवरचा भरवसाही मीच काढून घेतोय, आणि ते मलाच नमस्कार करून जातात.
उद्या अकराला तहसील. सही अजून केलेली नाही.