भिंतीवरचं सहावं वाक्य

१२ फेब्रुवारी

चि. पोपटास अनेक उत्तम आशीर्वाद.

वि. वि. पाकिटावर ‘माननीय मंत्री’ लिहिलं आहे ते पोस्टमनसाठी. आत तू पोपटच.

वाचनालयाच्या रस्त्याकडच्या भिंतीवर पुढाऱ्यांची वचनं रंगवायचं काम आपल्या दुकानाला मिळालं आहे. विषय स्वातंत्र्य आणि नागरिकाचं कर्तव्य. सहा वचनं आहेत, पाच दिवंगतांची आणि सहावं तुझं. दिवंगतांचं एक बरं असतं, बोललेला शब्द फिरवायला ते परत येत नाहीत. तुझं वाक्य असं आहे: ‘स्वातंत्र्य म्हणजे आपल्याला बोलता येणं एवढंच नव्हे, आपल्याला न पटणारं बोलणाऱ्यालाही जागा करून देणं, हे नागरिकाचं पहिलं काम.’ फार लांबलं रे. दोरी मारून आखलं तर ‘काम’ भिंतीबाहेर चाललं होतं. अक्षरं बारीक केली. तेवढाच सूड.

जळते, हे लपवत नाही. परांचीवर उभं राहून तुझा एकेक काना ओढताना पोटात दुखत होतं. शाळेच्या वक्तृत्व स्पर्धेत पहिली मी यायची, दुसरा तू. माझीच भाषणं पाठ करून घरभर म्हणायचास, म्हणून तर हे नाव पडलं. पुढे बाबांना एकालाच राजधानीत शिकवणं झेपणार होतं. तू गेलास, मी दुकानात ब्रश धुवायला बसले. बाबांवर माझा राग नाही. पण लोक खाली थांबून तुझं वाक्य मोठ्याने वाचतात आणि मला अभिमान वाटत असणार, हे मला न विचारताच ठरवून टाकतात, तेव्हा रंगाचा डबा हातातून सुटावा असं वाटतं.

भावजयीला आशीर्वाद. सर्दी असली तरी भाषणं ठोकत असशील, घसा जप.

तुझ्यावर रागावूनही तुझीच,
ताई


२० फेब्रुवारी

ती. ताईस सा. न. वि. वि.

पत्र पोचलं, भिंतीचा फोटोही कुणीतरी पाठवला. अक्षरं बारीक असली तरी भिंग लागत नाही, तेव्हा सूड फसला असं समज. फोटो मी कचेरीत टेबलासमोर लावला आहे. येणारा प्रत्येक जण वाचतो. तू पहिली यायचीस हे दर पत्रात येतं आणि दर वेळी मी मान्य करतो; पण तेव्हा ऐकायला वर्गातली पोरं होती, आता देश ऐकतो. जळायचंच असेल तर एवढ्यावर जळ.

जाता जाता एक. तुमच्याकडची सूतगिरणी विकायचं आमच्या सरकारने ठरवलं आहे. त्यावरून वाचनालयाच्या सभागृहात दर शनिवारी सभा भरतात आणि आवाज चढतात. काही महिने सभागृह संध्याकाळी बंद ठेवावं, असा हुकूम माझ्याच खात्यातून निघतो आहे. शांतता राहावी एवढाच हेतू. तू आपलं काम उरकून सरळ घरी जात जा. मंत्र्याची बहीण तिथे दिसली तर विरोधकांच्या हाती आयतं कोलीत मिळेल.

बाकी क्षेम. तुझा धाक आहे तसाच असू दे.

तुझा
पोपट


४ मार्च

चि. पोपटास आशीर्वाद.

कुणाकडून तिखटमीठ लावलेलं ऐकण्याआधी माझ्याकडूनच ऐक.

शनिवारी मी परांचीवर होते, शेवटची चौकट राहिली होती. सभेची माणसं आली तर दाराला कुलूप. गिरणीतल्या बाया, कातणारे, त्यांचे म्हातारे आईबाप, सगळे रस्त्यावर. शाळेच्या निवृत्त बाई पुढे आल्या आणि कोण बोलणार म्हणून विचारलं. शिपाई उभे होते, सगळे जमिनीकडे बघू लागले. बाईंनी मान वर करून माझ्याकडे पाहिलं. त्यांनी मला शाळेत ऐकलेलं आहे, हे लक्षात घे.

मी ब्रश डब्यात ठेवला आणि आधी तुझं वाक्य वाचून दाखवलं. मग सांगितलं की हे वाक्य माझ्या भावाचं आहे आणि दारावरचं कुलूपही माझ्या भावाचंच आहे. दोन्ही एका इमारतीवर राहायची नाहीत. कुलूप काढणं माझ्या हातात नाही, वाक्य पुसणं आहे. कुठलं ठेवायचं ते त्याने कळवावं, तोवर चुन्याची बादली मी इथेच ठेवते. गिरणी विकावी की नाही हे मला कळत नाही, असंही म्हणाले. पण ज्यांचं पोट तिच्यावर आहे त्यांना भांडायला तरी छप्पर हवं.

एवढं बोलून थांबले. मग टाळ्या सुरू झाल्या, त्या थांबेनात.

तुझी काळजी वाटली ती घरी आल्यावर. वर उभी होते तोवर नुसती मजा वाटत होती. इतक्या वर्षांनी पहिला नंबर आला होता, आणि दुसरा कोण ते मला ठाऊक होतं.

उत्तर लवकर दे. चुना वाळतो.

ताई


११ मार्च

ती. ताईंना शि. सा. न. वि. वि.

ह्यांचं पत्र नाही म्हणून तुम्ही वाट पाहत असाल, म्हणून मीच लिहिते. ह्यांना कळता कामा नये.

तुमचं बोलणं कुणीतरी मोबाईलवर घेतलं, ते इथवर आलं. पक्षाच्या बैठकीत वरिष्ठांनी सगळ्यांदेखत हसून म्हटलं म्हणे, की तिकीट भलत्याच भावंडाला दिलं. तेव्हापासून हे घुम्यासारखे आहेत. मला वाटलं हुकुमाची चिंता असेल. कसचं काय. काल दाढी करताना आरशासमोर तुमचं ते ‘बादली इथेच ठेवते’ म्हणून बघत होते. मग मला विचारलं, एवढ्या गर्दीसमोर तोंड मिटून थांबणं ताईला जमतं कसं. मी म्हटलं, तुम्ही एकदा तोंड मिटून बघा.

कुलूप काढलं तर खातं जाईल असं स्पष्ट सांगण्यात आलं आहे. नाही काढलं तर ताईला तोंड कसं दाखवू, असं हे मला नाही, भिंतीला म्हणाले.

आता माझंही सांगते. इतकी वर्षं मी पहिल्या रांगेत बसते, घरी आल्यावर चुका दाखवते, त्याचं ह्यांना काही नाही. तुम्ही एकदाच बोललात आणि ह्यांची झोप उडाली. मलाही तुमचा हेवा वाटला ताई. लहान आहे, पोटात घाला.

तुमची
भावजय


१९ मार्च

ती. ताईस सा. न. वि. वि.

वाक्य राहू दे. कुलूप काढायचा हुकूम मी काल सही करून पाठवला, एव्हाना दार उघडलं असेल. आज माझ्याकडून खातं काढून घेतलं. कचेरी रिकामी करतो आहे, फोटो तेवढा घरी नेतो. वाईट वाटतंय, नाही असं नाही. कचेरीचा शिपाई रोज नमस्कार करायचा तो माझ्या खुर्चीला होता, हे आज समजलं.

हे तुझ्या भाषणामुळे केलं असा समज करून घेऊ नकोस. मी लिहिलेलं मलाच रोज टेबलावरून दिसत होतं, म्हणून केलं. तुझं भाषण मी पुष्कळ वेळा ऐकलं, ते त्यात दोष सापडतो का हे बघायला. एक सापडला होता, पुन्हा ऐकल्यावर तोही राहिला नाही.

गिरणी विकणं योग्य आहे असं मला अजूनही वाटतं. शाळेच्या बाईंचं पत्र आलं आहे, की शनिवारच्या सभेत येऊन तेच सगळ्यांना तोंडावर सांग. मी येतो म्हणून कळवलं. शिव्या बसतील, त्या खाईन. बाईंनी लिहिलं आहे की त्या दिवशी तूही बोलणार आहेस, आणि क्रम तू लावते आहेस.

तेवढ्यासाठीच हे पत्र. माझं नाव आधी लाव. आता मी मंत्री नाही, तेव्हा खरं सांगायला हरकत नाही: तुझ्यानंतर उभं राहायची माझी हिंमत नाही.

येतोच आहे. तोवर जळत राहा, मीही राहतो.

तुझा
पोपट