गप्प असेल त्याला आधी गाडी

आप्पा, परवा चाकणच्या एका कंपनीत सुरक्षा सप्ताहाला मला बोलावलं होतं, लोकांना हसवायला. वर्तमानपत्रात इतरांची सालटी काढणाऱ्याला तेवढ्यासाठीच बोलावतात. माझ्याआधी प्रथमोपचाराचं प्रात्यक्षिक होतं आणि ते घेणारे गृहस्थ निघाले तुमच्या भोसरीच्या फाउंड्रीतले जुने सहकारी. भाजलेल्या माणसाचाच तळहात, बोटांसकट, म्हणजे त्याच्या अंगाचा एक टक्का, असं ते म्हणाले तेव्हा मी जाणकारासारखी मान हलवली. हे तर आपल्या कासारवाडीच्या स्वयंपाकघरातलं ज्ञान! आईला तव्याचा चटका बसला की तिचाच तळहात तिच्या मनगटावर धरून तुम्ही जाहीर करायचात, "पाव टक्का. नळाखाली धर वीस मिनिटं." ती म्हणायची, "आणि पोळ्या काय तुमची फाउंड्री लाटणार?"

मग त्यांनी विचारलं, दोघं भाजलेत, एक बोंबलतोय, एक गप्प आहे, आधी कोणाला न्यायचं? मी पहिल्या रांगेतून ऐटीत म्हणालो, "बोंबलणाऱ्याला." ते हसले. "अरे बाळा, तुझ्या वडिलांनीच घोकून घेतलंय आमच्याकडून. गप्प असेल त्याला आधी गाडी. फार खोल भाजलं की कातडीला दुखणंच कळत नाही."

त्यानंतर मी काय विनोद केले, आठवत नाही. मी सोळा वर्षांचा आहे, वॉर्डात उभा आहे. वितळलेलं लोखंड उडून तुमचे पाय, पोट भाजलंय. चादरीच्या वर हवेत पंजा धरून मी टक्के मोजतोय, चाळीसच्या पुढे गेलेत, आणि तुम्ही म्हणता, "तुझा हात लहान आहे रे, माझ्या हातानं धर." मंडईत भाव पाडावा तसे तुम्ही टक्के पाडले. "बघ, कमी झाले की नाही? आणि दुखत तर काहीच नाही. जा घरी, उद्या पेपर आहे तुझा." घरी आई पिशवी भरून, चप्पल घालून दारात उभी होती. "अगं, दुखत नाहीये त्यांना. सकाळी डबा घेऊन जाऊ," मी म्हणालो. तिनं चप्पल काढली. सकाळी तुम्ही कोणालाच ओळखलं नाही.

म्हणजे तुम्हाला ठाऊक होतं. मग खोटं का बोललात? पण खोटं तरी कुठे, दुखत नव्हतंच. मला वाचवलंत, की स्वतःचाच नियम त्या दिवशी तुम्हाला नकोसा झाला होता? रागवायचं की पाया पडायचं, मला कळत नाही. हे पत्र टाकायला पेटी नाही आणि घरात ठेवावं, तर आईला अजून चष्म्याशिवाय वाचता येतं.

ती अजून विचारते, "दुखत नव्हतं म्हणालास ना, मग गेले कसे?" आता उत्तर माहीत आहे, पण ते दिलं तर त्या संध्याकाळी तिला चप्पल कोणी काढायला लावली, हेही आलंच. आज सकाळी पोळी उलटता उलटता तिनं पुन्हा विचारलं. "डॉक्टरांचंच काहीतरी चुकलं असेल," मी म्हणालो, आणि आणखी एक पोळी मागितली.